एका वेळी एक डोळा

१

धंद्यात तिला सगळे कात्री म्हणत, आणि तोंडावर म्हणत. एकतीस वर्षं संकलनाच्या टेबलाशी काढलेल्या बाईला पाठीमागून नावं ठेवायची कुणाची टाप नव्हती. सुरुवात तिने खऱ्याखुऱ्या फिल्मवर केली होती, गळ्यात पट्ट्या अडकवून आणि बोटांना चिकटपट्टी लावून. पुढे टेप आल्या, मग कॉम्प्युटर आला, आणि गेली बारा वर्षं ती रोज लागणाऱ्या एका टीव्ही मालिकेचे भाग कापत होती. तिच्या गुरूंनी पहिल्याच आठवड्यात सांगून ठेवलं होतं की माणसं बोलतात त्यापेक्षा गप्पच जास्त बसतात, आणि ते गप्प बसणं बघायला कुणी घरून निघून येत नाही. तिने ते मनावर घेतलं. एका नटाचं वाक्य संपलं की दुसऱ्याचं सुरू होईपर्यंतची रिकामी जागा ती अशी काढून टाकायची की नटांनाही आपण मध्ये थांबलो होतो हे आठवू नये. अर्धा सेकंद म्हणजे किती, हे तिला घड्याळाशिवाय कळायचं, सुगरणीला मीठ कळतं तसं.

घरी मात्र गाठ वडिलांशी होती. बाबा नकाशे काढणाऱ्या खात्यातून निवृत्त झालेले, जन्मभर सावकाश. आठ महिन्यांपूर्वी उजव्या अंगावरून वारं गेलं. वाचा राहिली, पण एका शब्दापासून दुसऱ्यापर्यंत पोचायला त्यांना इतका वेळ लागे की मध्ये चहा निवून जावा. डॉक्टरांनी तिला दोन गोष्टी सांगितल्या होत्या. दुसरा झटका येईल, कधी ते सांगता येत नाही. आणि बाबांच्या तोंडात शब्द घालायचे नाहीत, त्यांचे त्यांना शोधू द्यायचे. तिला दुसरी गोष्ट जास्त जड गेली. पण तिने ठरवलं, यांची जी काही वाक्यं उरली असतील ती सगळी ऐकायची, मधल्या थांबण्यासकट ऐकायची.

सकाळी सांभाळणाऱ्या मावशी यायच्या. चारला ती कामावरून परतली की मावशी घरी जायच्या, आणि ती चहा घेऊन बाबांच्या पलंगाशी बसायची. सहापर्यंत सात-आठ वाक्यं व्हायची. तेवढ्यात दोघांचंही भागायचं.

त्या मंगळवारी बाबा एका दमात म्हणाले, "खिडकी जरा उघड, आत फार कोंडलंय."

तिने कप खाली ठेवला. तिने खिडकी उघडली, बाबांचा गालगुच्चा घेतला, आणि परगावी राहणाऱ्या भावाला फोन लावला. दादा म्हणाला की तो हेच सांगत होता, व्यायामाने फरक पडणार. काही न करता श्रेय घेण्यात दादाचा हात कुणी धरला नसता. तिला त्या दिवशी त्याचाही राग आला नाही.

२

दुसऱ्या दिवशी तिने मावशींना ही बातमी सांगितली, तर मावशींनी मान हलवली. त्यांच्यापुढे बाबा अजून तसेच अडखळत होते. सकाळी नुसतं 'पाणी' म्हणायला पाच मिनिटं लागली होती. ताईंनी उगाच आशा लावून घेऊ नये, असं त्यांचं मत पडलं.

त्या दुपारी बाबा पुन्हा सलग बोलले. मावशी चांगल्या आहेत पण बडबड फार करतात, असं काहीसं. आता मात्र ती कान देऊन ऐकत होती आणि डोळे लावून बघतही होती. 'चांगल्या' आणि 'आहेत' या दोन शब्दांच्या मध्ये बाबांचं डोकं उशीवर दोन बोटं सरकलं. सरकताना दिसलं नाही. आधी इथे होतं, मग तिथे होतं. भिंतीवर उन्हाची तिरीप पडली होती, तीही वीतभर पुढे गेली. तिने चहाचा घोट घेतला तर चहा गार, वर साय धरलेली.

घड्याळ म्हणत होतं, सात शब्दांना चाळीस मिनिटं लागली.

हा प्रकार तिच्या ओळखीचा होता. एकाच शॉटमधला तुकडा काढून दोन टोकं जोडली की माणूस जागच्या जागी असाच उडी मारतो. दिवसातून शंभर वेळा ती हे बघायची आणि वर दुसरा एखादा शॉट टाकून झाकायची. पण ते पडद्यावर. इथे तिचा बाप होता, उशी होती, आणि तिच्या तोंडात गार चहा होता.

ती डॉक्टरकडे गेली. डोळे तपासून झाले, डोक्याचे फोटो काढून झाले. काही सापडलं नाही. झोप कमी पडतेय, वय झालं, काम कमी करा. तिला हे ऐकून बरंच वाटलं. दिवसभर कापाकापी करणाऱ्या बाईला घरी येऊन कट दिसले तर त्यात नवल ते काय, मनी वसे ते स्वप्नी दिसे. दोन दिवस ती या समाधानावर राहिली. तिसऱ्या दिवशी बाबांनी पाच वाक्यं सलग म्हटली आणि सहा वाजून गेले. खिडकीबाहेर दिवे लागले होते, आणि तिच्या वाट्याला जेमतेम अर्धं मिनिट आलं होतं.

३

चोराच्या वाटा चोराला ठाऊक. तिने घाबरणं बाजूला ठेवलं आणि समोरचं काम एखाद्या परक्या संकलकाचं असावं तसं तपासायला घेतलं.

पहिली गोष्ट म्हणजे काम चांगलं होतं. हे कबूल करायची तिची इच्छा नव्हती, पण होतं चांगलं. कट नेमका पापणी मिटते तिथे बसत होता. हे ती स्वतःही करायची. बघणाऱ्याचे डोळे मिटतात त्या क्षणी कापलं की सांधा कळत नाही. दुसरी गोष्ट, तिच्या बाकीच्या दिवसाला कुणी हात लावत नव्हतं. सिग्नलला थांबणं, लिफ्टची वाट पाहणं, दिग्दर्शकाची लांबलचक रड, सगळं जिथल्या तिथे होतं. जात होती ती फक्त बाबांची थांबणी. आणि तिसरी गोष्ट, मावशी खोलीत असल्या की काहीच जात नव्हतं.

मावशींमध्ये असं काय होतं, हे तिला भाजी चिरताना सुचलं आणि हसूच फुटलं. मावशी कुणालाही वाक्य पुरं करू देत नसत. समोरचा बोलत असला तरी यांचं चालूच. संकलकाला याचा मोठा जाच; दोघं एकावर एक बोलली की कापायला फटच राहत नाही. मावशी आयुष्यभर नकळत असं वागत आल्या होत्या की त्यांच्यातून एक फ्रेम काढायची कुणाची छाती झाली नसती.

ती काही मावशींसारखी बडबड करू शकत नव्हती. बाबांचं ऐकायचं तर तिला गप्पच बसायला हवं. म्हणून तिने रेडिओ लावला. शूटिंगच्या जागी मागे कुठे गाणं वाजत असेल तर ती आधी ते बंद करायला लावायची, कारण संवाद कापला की गाणंही तुटतं आणि चोरी उघडी पडते. आता तिने पलंगाच्या उशाशी रेडिओ ठेवला, आवाज बारीक केला, आणि समोर बसली.

चार दिवस एक क्षणही गेला नाही. बाबा पूर्वीसारखे अडखळले. 'तू' म्हणाले, आणि दोन गाणी होऊन गेल्यावर 'लहान' म्हणाले. त्यांना काहीतरी मोठं सांगायचं होतं, आणि तिला इतका आनंद झाला की ती रेडिओबरोबर बेसूर गुणगुणायला लागली.

४

पाचव्या दिवशी गाणं पहिल्या कडव्यातून थेट बातम्यांत गेलं.

सांधा इतका ओबडधोबड होता की तिच्या दातांत कळ गेली. असला कट शिकाऊ पोरानेही केला नसता. म्हणजे झाकण्याची गरज आता त्या कापणाऱ्याला वाटत नव्हती. आणि त्या सांध्यात एक आवाज राहून गेला, चुकून राहतो तसा, अर्ध्या सेकंदाचा. कुणीतरी नाकाने श्वास सोडला होता. लांबलेलं बघून कंटाळलेल्या माणसाचा श्वास. तिला तो ओळखायला वेळ लागला नाही, कारण एकतीस वर्षं तिने तो सोडला होता.

ती उठून सगळ्या खोल्या बघून आली. स्वयंपाकघर, न्हाणीघर, बाल्कनी. कपाटही उघडून पाहिलं. बाबा पलंगावरून तिच्याकडे बघत होते आणि बहुधा काय शोधतेस ते विचारायच्या वाटेवर होते.

दुसऱ्या दिवशी दुपारी तिच्या डाव्या डोळ्यात पापणीचा केस गेला. ती बाबांसमोर बसून तो डोळा बोटाने दाबत होती. उजवा उघडा होता. बाबांनी 'तू लहान' इथवर आणलं आणि थांबले, आणि त्याच वेळी कट आला.

उघड्या डोळ्याने तिने पाहिलं.

हीच खोली होती, पण वरून, छताच्या कोपऱ्यातून दिसावी तशी. खाली पलंग, पलंगावर बाबा, शेजारी डोळ्यावर बोट दाबलेली ती. काहीच हलत नव्हतं. त्याच्या शेजारी पुन्हा तीच खोली, त्याच्या शेजारी पुन्हा, लहान लहान, ओळीने, दिसेल तिथवर. प्रत्येकीत बाबांचं तोंड किंचित जास्त उघडलेलं. आणि या सगळ्याच्या खालच्या कडेला एक अंगठा टेकलेला होता. तो दाबायच्या तयारीत होता. नख अगदी स्वच्छ कापलेलं होतं.

मग पलंग, गार चहा, आणि साडेपाच वाजलेले. बाबा म्हणत होते, "असताना."

ती न्हाणीघरात गेली आणि दार लावून नळ सोडून बसली. डॉक्टर म्हणाला होता झोप कमी पडतेय, असं तिने स्वतःला सांगून पाहिलं. पण एवढं बारीक कापलेलं नख झोपेत दिसत नाही. भीती वाटली. मग भीतीच्या पाठोपाठ असा राग आला की तिने नळ बंद केला आणि उठून उभी राहिली. संकलक आपल्या हातात दिलेलं कापतो. तिच्या बापाला याच्या हातात दिलं कुणी? तिने नाही, बाबांनी नाही, आणि दादाला तर विचारायलाच नको.

शिवाय त्याची चूक झाली होती. एक डोळा झाकलेला बघून त्याने पापणी मिटली असं धरलं होतं. एक डोळा कायम उघडा राहिला, तर त्याला लपून कापता येणार नव्हतं.

५

एका वेळी एक डोळा मिटायला शिकणं पन्नाशीनंतर सोपं नाही. चार शाळकरी पोरं ते मिनिटात करून दाखवतील, पण दिवसभर, न चुकता, आधी डावा मग उजवा, हे वेडसरपणाचं लक्षण दिसतं. मावशींनी तिला दोनदा विचारलं की डोळ्यांना काही झालंय का. कामावर सगळ्यांनी बघून न बघितल्यासारखं केलं. बाबांना मात्र गंमत वाटली. त्यांचा अर्धाच चेहरा हसू शकत होता, तेवढ्याने ते पोटभर हसले.

चौथ्या दिवशी तिला ते जमलं आणि त्या दुपारी एकही तुकडा गेला नाही. रेडिओ नव्हता, काही नव्हतं. खोलीत नुसती शांतता, आणि ती एकआड एक डोळे मिटत बसलेली. बाबांना जे सांगायचं होतं ते सांगायला चार ते साडेसात लागले.

"तू लहान असताना... साडेतीन वर्षांची होईपर्यंत... बोलत नव्हतीस. सगळे... तुझ्या तोंडात... शब्द घालायचे. मी... घातले नाहीत."

हे तिला कुणी कधी सांगितलं नव्हतं. ती बराच वेळ चादरीची घडी सारखी करत राहिली. मग विचारलं, "आणि बाबा, कंटाळा नाही आला तुम्हाला?"

बाबांनी खूप वेळ घेतला. बाहेर एक गाडी आली, थांबली, कुणीतरी उतरलं, गाडी गेली.

"आला की," ते म्हणाले.

त्याच आठवड्यात दिग्दर्शकाचा फोन आला. या पोराला तिने त्याच्या पहिल्या कामापासून सांभाळून घेतलेलं. तो अजिजीने सांगत होता की भाग दीड मिनिटाने लांब जातोय. आईला वाईट बातमी कळते तिथे ताईंनी ती बाई नुसतीच उभी ठेवली आहे, लोक दुसरीकडे लावतील. तिने सांगितलं की बातमी कळल्यावर माणूस उभाच राहतो, आणि लोकांना लावायचं असेल तर त्यांनी खुशाल दुसरीकडे लावावं. मग मला दुसऱ्या कुणाकडे द्यावं लागेल, तो म्हणाला. तिने दे म्हटलं. बारा वर्षांची मालिका दोन मिनिटांच्या फोनवर संपली. तिला वाईट वाटलं, पण जेवढं वाटेल असं वाटलं होतं तेवढं नाही.

६

दुसरा झटका पहाटे आला. डॉक्टर घरी येऊन गेले. गिळणं गेलं होतं, वाचाही गेली होती. हलवू नका म्हणाले, थोडे दिवस आहेत. दादा निघतो म्हणाला.

आणि आता त्या कापणाऱ्याने वेगळंच सुरू केलं. ती थकलेली असायची, दोन्ही डोळे एकदम मिटायचेच. बाबांना खोकल्याची उबळ यायची, ते निळे पडायला लागायचे, आणि पापणी उघडेपर्यंत उबळ संपलेली असायची. ती त्यांना कुशीवर वळवायला वाकायची, आणि ते स्वच्छ चादरीवर शांत पडलेले असायचे. कण्हणं नाही, घाण नाही, वास नाही. सगळं कडू तेवढं तो बाजूला काढत होता. ही दया होती की नुसती सवय, हे तिला कळेना. ती स्वतः मालिकेत मरणं अशीच कापत आली होती. दोन वाक्यं, एक हात खाली पडतो, संगीत.

खोटं कशाला बोला, दोन दिवस तिने डोळे मिटू दिले. कुणीही दिले असते.

मावशी आता संध्याकाळपर्यंत थांबायच्या. दुसऱ्या संध्याकाळी निघताना त्या दाराशी घुटमळल्या. एरवी थांबायचं नाव न घेणारी बाई शब्द शोधत उभी होती.

"ताई, राग मानू नका," त्या म्हणाल्या. "मी स्वयंपाकघरातून बघत होते, तुम्ही दुपारभर जवळच होता. आजोबा डाव्या हाताने तुमची बाही ओढत होते. कितीतरी वेळ ओढत होते. तुम्ही बघितलंच नाही त्यांच्याकडे."

तिने हिशेब लावून पाहिला. दोन दिवसांतली तिच्यापाशी सात-आठ मिनिटंच होती, आणि त्या मिनिटांत बाबा झोपलेले होते. बाही ओढणारे बाबा कुठल्या तरी ओळीत, कुठल्या तरी लहान खोलीत, कापून ठेवलेले होते. तिथे तीही होती, त्यांच्याकडे न बघणारी.

मावशी गेल्यावर ती खोलीच्या मधोमध उभी राहिली आणि छताच्या कोपऱ्याकडे बघून बोलली. आवाज चढवला नाही.

"हे माझं आहे. वाईट आहे, घाण आहे, तरी माझं आहे. याला हात लावायचा नाही."

कोपऱ्यात काही नव्हतं. रंगाचा एक पोपडा निघाला होता, तो कधीचाच होता.

७

त्यानंतर तिने एकही फ्रेम जाऊ दिली नाही. उबळ आली की ती पूर्ण उबळभर त्यांना धरून बसली. चादरी बदलल्या, अंग पुसलं, जिभेला ओला कापूस लावला. बाही ओढली की ओ दिली, दर वेळी. झोप अशी तिने घेतलीच नाही. फार झालं की मावशींना शेजारी बसवून बोलायला सांगायची आणि त्यांच्या बडबडीखाली पाच-दहा मिनिटं दोन्ही डोळे मिटायची. मावशींनी कारण विचारलं नाही. दोन दिवस त्यांनी आपल्या सगळ्या नातेवाइकांची सगळी लग्नं सांगितली.

तिसऱ्या दुपारी बाबांचा श्वास बदलला. पाच-सहा श्वास भराभर यायचे आणि मग थांबायचे. तेवढा वेळ काहीच नसायचं. मग एक मोठा श्वास, आणि पुन्हा रांग सुरू. मावशी पदराने तोंड दाबून बाहेरच्या खोलीत गेल्या. अखेर निघालेल्या दादाची गाडी अजून दोन तास दूर होती.

ती बाबांचा डावा हात हातात घेऊन बसली. थांबणं दर वेळी थोडं लांबत होतं, आणि त्या प्रत्येक थांबण्यात तिला मानेच्या मागे ते जाणवत होतं. आता ते छतात नव्हतं, तिच्याच उंचीवर होतं. नाकाने श्वास सोडल्याचा आवाज आला. मग पुन्हा आला, जास्त जवळ. तिच्या डोळ्यांना धार लागली होती, पापण्या वाळू घातल्यासारख्या खुपत होत्या. डावा. उजवा. डावा. एकदा तिच्या उजव्या पापणीला कशाचा तरी हलका स्पर्श झाला, मिट म्हणून सांगावं तसा, टोकाला गुळगुळीत. तिने मान झटकली आणि बाबांवरची नजर हलू दिली नाही.

बाबांनी श्वास घेतला. सोडला. थांबले.

ती थांबली. एरवी तिला आतून कळलं असतं की किती सेकंद झाले. तिने ते कळू दिलं नाही. हात अजून ऊबदार होता. कपाळावरची शीर, जी आठ महिने ताणलेली होती, ती सैल पडली. बाहेरच्या खोलीत मावशी पुटपुटत होत्या. पुढचा श्वास आला नाही, आणि तिला समजलं की आता येणार नाही. हेही समजलं की या थांबण्याचं दुसरं टोक कुठे नाही, त्यामुळे ते कुणालाच कापता येणार नाही, कितीही हात बसलेला असो.

पाठीमागे पुन्हा तो श्वास सुटला. या वेळी त्यात अधीरपणा होता.

तिने वळून पाहिलं नाही. तिला रडू येत होतं आणि ती रडतच होती, पण आवाज तिच्या ताब्यात होता.

"तुला घाई असेल तर तू जा," ती म्हणाली. "आम्हाला वेळ लागेल."

मागे बराच वेळ काही हललं नाही. मग खुर्ची ओढल्याचा आवाज झाला, आणि तिच्या शेजारी कुणीतरी येऊन बसलं.